खोलीचे वर्णन, दहा गुण

सिनेमा काढायचा तर कॅमेरा खोलीच्या डोक्यावर हवा, ह्या एका मुद्द्यावर पट्टीकाका जे अडून बसले ते शेवटपर्यंत हलले नाहीत. बाकी सगळं हललं. आरसा हलला, फुलदाणी हलली, काकूंचा धीर हलला, एकतीस वर्षांच्या नोकरीची बैठकसुद्धा जराशी हलली. मुद्दा मात्र जागच्या जागी होता.

खरं तर त्यांना कुणी काही विचारलंच नव्हतं. भाची आली होती ती फक्त दोन दिवसांसाठी त्यांची पुढची खोली मागायला. ती सिनेमाच्या शाळेत शिकत होती आणि एका स्पर्धेत उतरणार होती. स्पर्धेचा विषय ‘गाजलेल्या कथांची प्रायोगिक रूपांतरे’, लांबी बारा मिनिटं, मुदत पाच आठवडे. मामा सकाळी किल्ली देतील, ऑफिसला जातील आणि संध्याकाळी येऊन ‘झालं का गं?’ विचारतील, असा तिचा अंदाज होता. जन्मापासून मामाला ओळखणाऱ्या मुलीनं असा अंदाज बांधावा ह्याचं नवल वाटतं.

कारण पट्टीकाका नगरपालिकेच्या इमारत विभागात आरेखक होते, म्हणजे घरांचे नकाशे काढायचे आणि लोकांनी काढलेले नकाशे चुकीचे ठरवून परत पाठवायचे, हे त्यांचं काम. शर्टाच्या खिशात सहा इंची स्टीलची पट्टी कायम. त्या पट्टीवरूनच त्यांना हे नाव पडलं होतं आणि त्याचा त्यांना मनातून अभिमान होता. एकदा छातीचा एक्स-रे दाखवायला गेले, तेव्हा डॉक्टर काही बोलायच्या आत त्यांनी ‘ह्याचं प्रमाण काय धरलंय?’ असं विचारलं होतं.

भाचीनं कथांची यादी वाचायला घेतली आणि चौथ्या नावाला काका खुर्चीत ताठ झाले. शाळेच्या पुस्तकात तीन पिढ्यांनी वाचलेली ती पत्राची गोष्ट. एक सासू. मुलगा लांब नोकरीला गेलेला. त्याचं पत्र येतं. सासूला वाचता येत नाही, पण नव्या सुनेपुढे ते कबूल कसं करायचं? म्हणून ती रोज दुपारी टेबलाशी बसून पत्र हातात आडवं धरते आणि मनानंच बातम्या रचून सांगते. मुलाला बढती मिळाली, मुलानं नवा कोट शिवला, मुलाची सर्दी गेली. सून टेबलाच्या पलीकडे बसून ऐकते. तिला पहिल्या दिवसापासून माहीत असतं, कारण सासूनं कागद उलटा धरलेला असतो. ती चकार शब्द काढत नाही. शेवटच्या ओळीत ती फक्त उठते आणि सासूच्या हातातला कागद हलकेच सुलटा करते. बस्स, एवढीच गोष्ट.

“आता मला सांग,” काका म्हणाले, “कॅमेरा समोर लावलास तर दिसणार काय? सासूचं कपाळ आणि कागदाची कड. कागद उलटाय हे बघणाऱ्याला कळणार कसं? म्हणजे कुणीतरी ते बोलून सांगायला लागणार. आणि बोलून सांगितलं की गोष्टीचा जीव गेला. वरून बघ. वरून टेबल दिसतं, दोन डोकी दिसतात, कागद दिसतो आणि कागद कुणाकडे तोंड करून आहे तेही दिसतं. ही गोष्ट फक्त प्लॅनमध्येच कळते.”

“मामा, अख्खा सिनेमा वरून? चेहरे न दाखवता?” भाची म्हणाली. “हे फारच प्रायोगिक होतंय.”

काकांनी ही स्तुती समजून नम्रपणे मान खाली घातली.

त्यांनी सांगितलं नाही ते असं, की हा विचार त्यांना आज सुचलेला नव्हता. आठवीच्या सहामाहीत प्रश्न आला होता: ‘कथेतील खोलीचे वर्णन तुमच्या शब्दांत करा. (गुण दहा)’. त्यांनी उत्तरपत्रिकेत खोलीचा प्लॅन काढला होता. एक चौकोन म्हणजे एक फूट. मधे टेबल, दोन खुर्च्या, दाराचं पान कुठल्या बाजूला उघडतं ते, आणि टेबलावर कागद, कागदाचं डोकं कुठे आहे हे दाखवणाऱ्या बाणासकट. भाषेच्या बाईंनी त्यावर लाल शाईत भोपळा काढला, शेजारी ‘वर्णन शब्दांत करतात’ असं लिहिलं आणि पेपर वर्गभर फिरवला. चव्वेचाळीस वर्षं झाली. तो पेपर विम्याच्या कागदांबरोबर कपाटात होता. आणि त्या बाई, वय वर्षं चौऱ्याऐंशी, बरोबर काकांच्या डोक्यावरच्या मजल्यावर राहत होत्या. वीस वर्षं जिन्यात भेट झाली की काका वाकून नमस्कार करत आणि मनात भोपळा मोजत.

तर कॅमेरा वर लावायचं ठरलं आणि छत आडवं आलं. ते होतं नऊ फूट दहा इंच. तिथं कॅमेरा चिकटवला तर चित्रात टेबल आणि सव्वा डोकं एवढंच मावत होतं. खालच्या मजल्यावरचे दातांचे डॉक्टर सल्ला द्यायला आले. त्यांनी कॉलेजात एका नाटकात दुसऱ्या अंकात मरणाऱ्या माणसाचं काम केलं होतं आणि तेव्हापासून ते स्वतःला रंगभूमीचा माणूस मानत.

“छताला आरसा लावा,” ते म्हणाले. “कॅमेरा खाली ठेवून आरशात बघा. मी रोज वरचे दात असेच बघतो.”

डॉक्टरांच्या बायकोनं कपाटाचा आरसा दिला, कारण सुनेचं काम तिला मिळालं होतं आणि त्यासाठी ती आठवडाभर भांग सरळ पाडायचा सराव करत होती. सासूच्या कामाला काकू होत्या. त्यांनी अट एकच घातली होती, ‘मी जे रोज करते त्याहून जास्त काही करणार नाही.’ आरसा छताला टांगला. कॅमेरा लावला. चित्र सुरेख आलं, फक्त पत्रातली अक्षरं आरशात फिरली आणि कागद सुलटा धरा की उलटा, तो कुठल्याच भाषेतला वाटेना. ह्यावर काय करावं ह्याची चर्चा चालू असतानाच दोरी निसटली. आरसा सोफ्यावर पडून वाचला, फुलदाणी गेली. ती काकूंच्या आईची होती. पुढचे दोन दिवस काकू काकांशी चिठ्ठ्या लिहून बोलत होत्या.

तिसऱ्या दिवशी काका ऑफिसच्या तळघरात जुने नकाशे धुंडाळायला गेले, आणि तिथं त्यांना आयुष्यातला सगळ्यात मोठा धक्का बसला. त्यांची इमारत पूर्वी कापडाचं गोदाम होती. खालून गठ्ठे वर ओढून घ्यायला वरच्या मजल्याच्या जमिनीत तीन फूट बाय तीन फुटांची मोकळी चौकट ठेवलेली होती. ती कुणाच्या जमिनीत? बाईंच्या. कुणाच्या छतात? काकांच्या. छताच्या मधोमध जी लाकडी चौकट होती, जिला काका वीस वर्षं ‘शोभेचं नक्षीकाम’ म्हणत आले होते, ते त्या भोकाचं झाकण होतं. गावातल्या प्रत्येक घराचं भोक कागदावरून ओळखणारा माणूस स्वतःच्या घरातल्या भोकाखाली वीस वर्षं जेवत होता. ही गोष्ट त्यांनी ऑफिसात कुणाला सांगितली नाही.

पण झाकण उघडून कॅमेरा वर बाईंच्या खोलीत टांगायचा म्हणजे परवानगी आली. त्यासाठी नमुना क्रमांक सतरा भरावा लागतो, नकाशाच्या चार प्रतींसह. हा नमुना एकोणीस वर्षांपूर्वी खुद्द पट्टीकाकांनी तयार केला होता. ‘जमिनीतील मोकळी जागा उघडण्याचे प्रयोजन’ ह्या रकान्यात चार पर्याय होते: उजेड, वारा, जिना आणि माल चढवणे-उतरवणे. ‘इतर’ असा पाचवा पर्याय टाकावा असं तेव्हा सगळ्यांचं मत होतं. काकांनीच तो हाणून पाडला होता. ‘इतर म्हटलं की लोक वाट्टेल ते करतात,’ हे त्यांचे शब्द इतिवृत्तात नोंदलेले आहेत.

अर्ज ज्यांच्या हाती जायचा ते तपासनीस काकांच्या समोरच्या टेबलावर बसत. अंगानं ऐसपैस, स्वभावानं शांत, आणि गेली वीस वर्षं काकांच्या ‘नकाशा प्रमाणात नाही’ ह्या शेऱ्यांनी गांजलेले. त्यांनी अर्ज दोनदा वाचला. त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू जे पसरलं त्याला आनंद हाच शब्द आहे.

“माल चढवणे-उतरवणे,” ते म्हणाले. “कुठला माल हो?”

“कॅमेरा.”

“वजन क्विंटलमध्ये लिहायचंय. तुम्हीच ठरवलंय.”

काकांनी लिहिलं: ०.०१५ क्विंटल.

“आणि वरच्या रहिवाशाची सही कुठाय? ‘वरील मजकूर मी वाचला व मला मान्य आहे,’ ह्याच्या खाली? सहीशिवाय मी हात लावणार नाही. नियम म्हणजे नियम. तुमचा.”

काका अर्ज घेऊन वर गेले. बाईंनी आवाजावरून ओळखलं, आत बसवलं, चहा दिला. हात पुढे करून अर्ज घेतला, खिडकीकडे तोंड केलं, बराच वेळ धरून ठेवला आणि परत दिला.

“भाषा फार ढिसाळ आहे,” बाई म्हणाल्या. “असल्या मजकुराखाली मी सही करत नाही. पुन्हा लिहून आण.”

काका घरी आले ते पाय आपटत. “चव्वेचाळीस वर्षं झाली तरी बाईंचा माझ्यावरचा राग काही जात नाही,” असं त्यांनी काकूंना तीन वेळा सांगितलं. मग बसले, प्रत्येक वाक्य घासूनपुसून पुन्हा लिहिलं. बाईंनी तेही तसंच धरलं. “दुसरा परिच्छेद पाल्हाळिक आहे. पुन्हा.” मुदतीला आता अठरा दिवस उरले होते. भाची येताजाता मोबाइलवर तारीख बघत होती. डॉक्टर येऊन सांगून गेले की बाईंचा एक पुतण्या लांबच्या शहरात असतो, त्याच्याकडून दाब आणावा. “तो तर बाईंना घेऊनच जायला टपलाय. म्हणतो, काही अडचण दिसली की लगेच कळवा, मी गाडी घेऊन येतो आणि घर बंद करतो.” काकांनी नाही म्हणून मान हलवली. भांडण झालं तरी ते बाई आणि त्यांच्यातलं होतं, त्यात पुतण्या नको होता.

तिसऱ्यांदा ते ऑफिसला जाताजाता धावतपळत वर गेले. खिशातून घडी केलेला कागद काढून बाईंच्या हातात दिला. बाईंनी खिडकीकडे तोंड केलं. कागद धरला.

“अजूनही तेच,” त्या म्हणाल्या. “शेवटी नेमकं म्हणायचंय काय, ते स्पष्ट होत नाही.”

काका चिडून कागद परत घ्यायला गेले आणि त्यांचं लक्ष कागदाकडे गेलं. ती लाँड्रीची यादी होती. काकूंच्या अक्षरात. चादरी चार, अभ्रे सहा, पडदे दोन, ‘ह्यांची निळी पँट, शाईचा डाग आहे, सांगणे’.

काकांनी खोलीभर नजर फिरवली. खोलीत पुस्तकांच्या दोन भिंती होत्या आणि पुस्तकांवर धूळ होती. बाईंच्या घरी पुस्तकांवर धूळ! त्यांना बाईंचा चहा ओतणारा हात आठवला, कपाच्या काठावर आतून एक बोट टेकवून ओतणारा. टेबलावरचं भिंग एका बाजूला सरकवून ठेवलं होतं, आता त्याचाही उपयोग नसल्यासारखं. त्यांच्या डोळ्यांपुढे आठवीचं पुस्तक आलं, टेबल आलं, सासू आली. चव्वेचाळीस वर्षं ती गोष्ट त्यांना पाठ होती आणि ती आपल्याच डोक्यावर घडते आहे हे त्यांना कळलं नव्हतं. आपण ह्या बाईंना इतके दिवस मनात काय काय बोललो तेही त्यांना आठवलं.

पुतण्याला कळलं तर घर बंद. आणि ‘मी वाचला’ ह्या छापील शब्दाखाली बाई खोटी सही करणार नाहीत, ह्याच बाईंनी तर खोटं उत्तर लिहू नका म्हणून मुलांचे हात लाल केले होते. म्हणून भाषा ढिसाळ, म्हणून परिच्छेद पाल्हाळिक.

“बाई,” काका म्हणाले आणि खिशातून खरा अर्ज काढला, “माझे उच्चार शाळेत असताना फार वाईट होते. मी मोठ्यानं वाचतो, तुम्ही चुका काढा.”

बाई खुर्चीत सरळ बसल्या. “वाच,” त्या म्हणाल्या.

काकांनी अख्खा अर्ज वाचला, रकान्यांसकट, क्विंटलसकट. बाईंनी अकरा चुका काढल्या. मग काकांनी पेन काढलं आणि एकतीस वर्षांत जे कधी केलं नव्हतं ते केलं. छापील नमुन्यातला ‘वाचला’ हा शब्द खोडला आणि वर ‘ऐकला’ असं लिहिलं. तो बदल त्यांनी बाईंना वाचून दाखवला. मग सहीच्या रेघेवर स्टीलची पट्टी आडवी धरली आणि बाईंचं बोट तिच्यावर टेकवलं.

“ह्या पट्टीच्या अंगानं करा बाई. ऑफिसात सगळ्यांना असंच सांगतो, सह्या फार वाकड्या येतात.”

बाईंनी पट्टीच्या धारेवर सही केली. सरळ, ठसठशीत, प्रगतिपुस्तकावर करत तशी. काका दारापर्यंत पोचले तेव्हा त्या मागून म्हणाल्या, “तुझा आवाज बरा आहे रे. शाळेत नुसता पुटपुटायचास.”

तपासनिसांनी अर्ज बघितला आणि खुर्चीतून अर्धे उठले. “खाडाखोड? छापील नमुन्यात? तुम्ही?”

“हो.”

“कारण लिहावं लागेल.”

कारण सांगितलं की बाईंचं गुपित फुटलं, आणि नगरपालिकेत फुटलेलं गुपित पुतण्याच्या शहरापर्यंत पोचायला चार दिवस पुरतात. काकांनी कारण लिहिलं, ‘माझा हलगर्जीपणा’. त्याबद्दल त्यांच्या नोकरीच्या पुस्तकात ताकीद नोंदवली गेली. एकतीस वर्षांतला पहिला शेरा, निवृत्तीला दीड वर्ष असताना. तपासनिसांना हा दिवस मनापासून हवा होता, पण शेरा लिहिताना त्यांचा हात काही चालेना. शेवटी काकांनीच त्यांना शब्द सांगितले. परवानगी मिळाली, तीस दिवसांची.

झाकण उघडलं त्या दिवशी खाली सगळी मंडळी वर बघत उभी होती, ही चूक झाली. अर्ध्या शतकाची धूळ, कापसाचे गोळे आणि गोदामातला एक लोखंडी आकडा असं सगळं एकदम खाली आलं. आकडा कुणाला लागला नाही. धूळ मात्र सगळी डॉक्टरांवर गेली, कारण तेच बरोबर मधे उभे होते. त्यांच्यासाठी भाचीनं आयत्या वेळी पोस्टमनचं काम घातलं होतं. दारातून यायचं, पत्र ठेवायचं, जायचं. पण माणूस रंगभूमीचा. वरून फक्त टोपी दिसते म्हटल्यावर त्यांना गप्प बसवेना, आणि दर वेळी पत्र ठेवताना ते मान वर करून थेट कॅमेऱ्यात बघत.

“डॉक्टरकाका, वर नका ना बघू!”

“अगं, आतून येतंय ते. पोस्टमनला वाटत नसेल का, की आकाशाकडे बघावं?”

“छत आहे डॉक्टर,” काकू म्हणाल्या. “आणि पोस्टमनला अजून चाळीस घरं आहेत.”

हा प्रश्न अकराव्या वेळी सुटला, कारण डॉक्टरांची मान धरली. पण खरी अडचण वरून आली. बाई भोकाभोवती काकांनी ठोकलेल्या कठड्याला लागून खुर्ची टाकून बसल्या होत्या. घर त्यांचं, त्यांना उठा कोण म्हणणार? खाली काकूंनी पत्र उचललं आणि म्हणायला सुरुवात केली, “मुलाला बढती मिळाली गं—”

“थांबा,” वरून आवाज आला. “मूळ वाक्य तसं नाही. ‘बढती मिळाली म्हणतो’ असं आहे. त्या ‘म्हणतो’त सगळी लबाडी आहे तिची. पुन्हा.”

काकूंनी पुन्हा म्हटलं. पुन्हा थांबा. सुनेनं गप्प असायचं, तर डॉक्टरांच्या बायकोनं एक सुस्कारा टाकला. “सुस्कारा लेखकानं दिलेला नाही.” दुपारपर्यंत भाचीच्या डोळ्यांत पाणी आलं. प्रत्येक चित्रात बाईंचा आवाज घुसला होता आणि मुदत सहा दिवसांवर आली होती. तिनं जिन्यात काकांना गाठलं. “मामा, बाईंना आतल्या खोलीत बसवा ना. नाहीतर सिनेमा संपला माझा.”

काका वर गेले. बाई खुर्चीच्या टोकावर बसल्या होत्या, मान भोकाकडे वळवलेली, आणि ओठ हलत होते. त्या गोष्ट पहिल्या ओळीपासून म्हणत होत्या, स्वल्पविरामांसह. पुस्तक उघडलं काय आणि मिटलं काय, ह्या एका गोष्टीपुरतं त्यांना सारखंच होतं. इतक्या दिवसांत त्यांचा चेहरा असा उजळलेला काकांनी बघितला नव्हता. ते परत जिना उतरले.

“मामीला गप्प कर,” ते भाचीला म्हणाले. “सगळ्यांनाच गप्प कर. खाली कुणी बोलायचं नाही. गोष्ट बाई सांगतील, वरून. आणि मधे मधे ज्या चुका काढतील त्या तशाच ठेव.”

भाचीनं मामाकडे पाहिलं, मग जिन्याकडे, आणि माईक घेऊन वर पळाली. खाली काकू नुसत्या बसल्या, पत्र धरलं आणि ओठ हलवले. वरून बाई म्हणत गेल्या. “‘नवा कोट शिवला म्हणतो.’ कागद जरा खाली धर असं लेखक म्हणतो, धरलाय का? हं. पुढे.” शेवटी डॉक्टरांच्या बायकोचा हात आला, कागद सुलटा झाला. वरून बाईंनी नाक पुसल्याचा आवाज आला. भाचीनं तोही ठेवला.

स्पर्धेत बक्षीस मिळालं नाही. पहिलं बक्षीस एका पाण्याच्या टाकीच्या सिनेमाला गेलं. पण परीक्षकांनी ‘विशेष उल्लेख’ दिला आणि सिनेमा मोठ्या पडद्यावर दाखवायला निवडला. पत्रात लिहिलं होतं, ‘वरून येणारा, सतत दुरुस्ती करणारा अदृश्य आवाज हे सत्तेचे अस्वस्थ करणारे प्रतीक आहे.’ बाईंना हे वाचून दाखवलं तेव्हा त्या म्हणाल्या, “वाक्य लांबलंय.” डॉक्टरांनी स्वतःच्या टोपीचा फोटो मोठा करून दवाखान्यात लावला. आणि तीस दिवस संपल्यावर झाकण बंद आहे का बघायला तपासनीस आले, तेव्हा ते उघडंच होतं. त्यातून एक टोपली दोरीनं वर चालली होती. टोपलीत वर्तमानपत्र, दोन कादंबऱ्या आणि काकूंचा चष्मा. काकू मागून जिन्यानं जाणार होत्या, वाचून दाखवायला. हे रोजचं झालं होतं. एक दिवस काकू, एक दिवस डॉक्टरांची बायको.

तपासनिसांनी टोपलीकडे पाहिलं, मग वर भोकातून बघणाऱ्या आणि तरीही बाजूला कुठेतरी बघणाऱ्या बाईंकडे पाहिलं. ‘वाचला’ खोडून ‘ऐकला’ का झालं ते त्यांना कळलं असावं. त्यांनी खिशातून नमुना सतरा काढला.

“माल चढवणे-उतरवणे,” ते म्हणाले, “चालू आहे. मुदत वाढवतो. वजन तेवढं सांगा.”

सिनेमा बाईंना ऐकवायचा राहिला होता. एका रविवारी सकाळी भाची लॅपटॉप घेऊन आली. काका, काकू, बाई, अशी सगळी बाईंच्या खोलीत बसली. बारा मिनिटं बाईंनी स्वतःचा आवाज ऐकला, दोनदा ‘हे मी चुकले’ म्हणाल्या. सिनेमा संपला. भाची आणि काकू चहा करायला आत गेल्या. काका निघाले.

“बस,” बाई म्हणाल्या. “आवाज झाला. पण चित्र कसं आलंय? मला दिसत नाही.”

हे त्यांनी पहिल्यांदाच म्हटलं होतं. त्या खिडकीकडे तोंड करून नव्हत्या बसल्या, काकांकडे तोंड करून बसल्या होत्या.

“खोली कशी आहे ते सांग,” त्या म्हणाल्या. “तुझ्या शब्दांत.”

काकांचा हात सवयीनं खिशातल्या पट्टीकडे गेला आणि तिथंच राहिला. मग ते सांगायला लागले. आधी अडखळत, मग बरं. खोली चौकोनी आहे बाई, फार मोठी नाही. मधे टेबल, त्याचा एक कोपरा झिजलेला. खिडकीतून ऊन येतं ते टेबलाच्या अर्ध्यापर्यंतच पोचतं, सासू उन्हात आहे आणि सून सावलीत. सासूचे केस पांढरे आहेत, मधोमध भांग, आणि तो भांग थोडा थरथरतोय, कारण ती खोटं बोलतेय. सुनेचं डोकं अजिबात हलत नाही. कागदाचं डोकं सासूच्या पोटाकडे आहे. सुनेच्या बाजूनं बघितलं तर कागद सुलटा आहे, बाई, तिला सगळं वाचता येतंय. मुलानं खरं काय लिहिलंय ते तिला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. तरी ती सासूच्याच बातम्या ऐकत बसलीय.

इथं ते थांबले.

पस्तीस वर्षं ती गोष्ट शिकवताना कागद सुनेच्या बाजूनं सुलटा असतो हे बाईंच्या लक्षात आलं नव्हतं. त्यांनी पदरानं डोळे टिपले, आणि मग त्यांचा आवाज वर्गातला झाला.

“दहापैकी आठ,” त्या म्हणाल्या.

“दोन कुठे गेले, बाई?”

“उत्तरपत्रिका उशिरा दिलीस.”